खेळणं थांबायच्या आधीच कोचिंगला लागा: सातारा-सांगलीतल्या फुटबॉल खेळणाऱ्या पोरींसाठी

आपल्याकडं पोरगी फुटबॉलला लागते ती शाळेत असताना, पीटीच्या सरांनी बॉल टाकला म्हणून किंवा भावाच्या मागं ग्राउंडवर गेली म्हणून. मग शालेय स्पर्धा, तालुका, जिल्हा, कोल्हापूर विभाग, मेहनत आणि नशीब दोन्ही असेल तर स्टेट. दहावीला बऱ्याच जणी गळतात, बारावीला अजून, ज्या टिकतात त्या शिवाजी विद्यापीठाकडून इंटर-युनिव्हर्सिटी खेळून येतात आणि डिग्री झाली की घरात एकच प्रश्न, आता पुढं काय. कुणी पोलिस भरतीला लागतं, कुणी बँकेच्या परीक्षा देतं, कुणाचं लग्न ठरतं, आणि इतक्या वर्षांचा पायात मुरलेला खेळ तिथंच थांबतो. हे मला मनापासून लागतं, कारण त्याच गावात दुसरीकडं आईबाप म्हणत असतात की शिकवायला बाई नाही, पोरीला कसं पाठवायचं.

म्हणून सांगते, खेळ सुटल्यावर बघू असं कोचिंगचं करू नका, पायात बूट आहेत तेव्हाच सुरू करा. एकदा दोन-तीन वर्षं ग्राउंड सुटलं की परत यायला लई जड जातं, ओळखी तुटतात, शरीर बसतं, घरच्यांना पण तुम्ही घरात असायची सवय होते. खेळत असताना मात्र रोज ग्राउंडवर जाताच आहात, अर्धा तास आधी जाऊन बारक्या पोरींना घेतलं तर कुणाची परवानगी पण मागावी लागत नाही.

मोठी मोठी नावं बघा. सरिना वीगमन नेदरलँड्सच्या कॅप्टन होत्या आणि खेळत असतानाच शाळेत पीटी शिकवायच्या, पुढं कोच म्हणून २०१७ ला त्यांनी नेदरलँड्सला युरो, म्हणजे युरोपातल्या देशांची स्पर्धा, जिंकून दिली आणि २०२२ आणि २०२५ ला इंग्लंडला. म्हणजे जगातल्या सगळ्यात यशस्वी कोचपैकी एक बाई शाळेच्या ग्राउंडवरनं आलीय. आपल्या देशात गोव्याच्या मेमोल रॉकी, इंडिया खेळल्या, मग २०१७ ते २०२१ सीनियर महिला टीमच्या हेड कोच होत्या, त्या जागेवर बसलेल्या पहिल्या बाई. मणिपूरच्या बेंबेम देवी २०१६ ला शिलाँगच्या साउथ एशियन गेम्समध्ये गोल्ड घेऊन थांबल्या आणि कोचिंगकडं वळल्या, २०२० ला पद्मश्री मिळाली. केरळच्या प्रिया पी. व्ही. यांच्या कोचिंगखाली गोकुलम या केरळच्या क्लबनं २०१९-२० ची इंडियन विमेन्स लीग, म्हणजे देशातली बायकांच्या क्लबची लीग, जिंकली. आणि त्याच लीगमध्ये आपल्या शेजारची एफसी कोल्हापूर सिटी पण खेळलीय, मिरजेतनं तासाभराच्या अंतरावरची टीम, त्यामुळं हे सगळं तिकडं लांब कुठंतरी चालतं असं मनात आणू नका.

लायसन्सचं कसं असतं

ऑल इंडिया फुटबॉल फेडरेशनची कोचिंगची पायरी खालनं वर अशी आहे, ई, डी, सी, बी, ए आणि सगळ्यात वर प्रो. सुरुवात बहुतेक जणी डी पासून करतात, त्याला १८ वर्षं पूर्ण लागतात. महाराष्ट्रात हे कोर्स विफा म्हणजे वेस्टर्न इंडिया फुटबॉल असोसिएशन घेते, कधी मुंबईत, कधी पुण्यात, कधी इतर जिल्ह्यांत. त्यामुळं विफाचं पेज आणि फेडरेशनची वेबसाइट अधनंमधनं बघत राहायचं आणि जिल्हा असोसिएशनच्या सेक्रेटरींना सांगून ठेवायचं की कोर्स लागला की कळवा, जागा मोजक्या असतात आणि पटापट भरतात. फेडरेशनच्या ऑनलाइन सिस्टिममधला तुमचा रजिस्ट्रेशन नंबर, आधार, जन्मदाखला, फोटो, डॉक्टरचं फिटनेस सर्टिफिकेट हे सगळं आधीच स्कॅन करून मोबाईलमध्ये एका फोल्डरला ठेवा म्हणजे ऐनवेळी झेरॉक्सच्या दुकानात पळापळ होत नाही. नावाचं स्पेलिंग आधारवर एक आणि दाखल्यावर एक असं असेल तर ते आजच दुरुस्त करायला टाका.

डी कोर्समध्ये थोडी थिअरी असते आणि बाकी ग्राउंड, त्यात तुम्हाला एक विषय देतात आणि बाकीच्या उमेदवारांना घेऊन त्यावर सेशन घ्यायचं असतं, इन्स्ट्रक्टर बघत असतात आणि मार्क देतात. इथं आपल्या पोरी घाबरतात ते इंग्रजीला. खरं सांगू का, लागणारे शब्द ठराविक आहेत, फर्स्ट टच, बॉडी शेप, स्कॅनिंग (मान फिरवून आजूबाजूला बघणं), सपोर्ट, प्रेसिंग (समोरचीवर दबाव टाकणं), ट्रान्झिशन (बॉल मिळाला किंवा गेला की लगेच बदलणं), असे पंचवीस-तीस शब्द वहीत लिहा आणि रोजच्या प्रॅक्टिसला तेच वापरा, हिंदी-इंग्रजी मिसळून बोललेलं चालतं, सेशन नीट दिसलं पाहिजे. डी झालं की लगेच सी च्या मागं धावू नका. मधल्या काळात प्रत्यक्ष टीम हातात घेऊन शिकवलेलं असावं लागतं आणि नसेल तर सी ला गेल्यावर लगेच उघडं पडतं. सी पासून पुढची लायसन्स ठराविक वर्षांनी रिन्यू करावी लागतात, तारीख लिहून ठेवा.

खेळाडूचे डोळे आणि कोचचे डोळे

सगळ्यात अवघड भाग हा आहे आणि यावर कुणी बोलत नाही. खेळाडू बॉल बघते. कोचला बॉल नसलेल्या दहा जणी बघाव्या लागतात. ही सवय आत्तापासून लावा, बेंचवर बसायची वेळ आली की एक पोरगी निवडा, समजा समोरच्या टीमची लेफ्ट बॅक, आणि दहा मिनिटं फक्त तिच्याकडं बघा, बॉल कुठं का असेना. ती कधी पुढं जाते, बॉल गेल्यावर चालत परत येते का पळत, मान फिरवून मागं बघते का. वहीत लिहा. घरी युट्यूबवर मॅच बघताना पण हेच करा. महिनाभर केलं की तुमच्या स्वतःच्या खेळात सुद्धा फरक दिसेल, खेळता खेळता कोचिंग करायचा हा मोठा फायदा आहे.

दुसरं म्हणजे चांगल्या खेळाडूला स्वतः करून दाखवायचा मोह आवरत नाही. एकदा दाखवा, नीट दाखवा, आणि बाजूला व्हा. आई भाकरी शिकवताना एक थापून दाखवते आणि पीठ आपल्यापुढं सरकवते, वाकडीतिकडी झाली तरी आपलीच आपल्याला थापायला लावते, तसंच हे.

आता एक सेशन सांगते, तसंच्या तसं करून बघा. समजा २० पोरी आहेत, वय १२-१३, आणि बॉल पाच, आपल्याकडं यापेक्षा जास्त क्वचितच असतात. सगळ्यांना एका रांगेत उभं करून एकेकीला शूट मारायला लावायचं हे बंद करा. रांगेत एका पोरीला तासाभरात किती वेळा बॉल मिळतो ते मोजा एकदा, वाईट वाटेल. त्यापेक्षा चार-चारच्या पाच टीम करा, कोन नसतील तर चपला ठेवून ८ बाय ८ मीटरचे चौकोन आखा, प्रत्येक चौकोनात एक बॉल, तिघी बाहेरच्या कडेवर आणि एक मध्ये, तिघींनी पास खेळायचे, मधलीनं काढून घ्यायचा. जिचा पास चुकला ती मध्ये. दहा-बारा मिनिटांत प्रत्येकीच्या पायाला कितीतरी वेळा बॉल लागतो.

यात शिकवायचं काय, तर एकच गोष्ट. आजचा विषय समजा बॉल घेणं आहे, तर फक्त एवढंच बोला की बॉल यायच्या आधी मान फिरवून बघ आणि लांबच्या पायाने, म्हणजे बॉल येतो त्या बाजूपासून लांब असलेल्या पायाने, घे. लांबच्या पायाने घेतला की अंग आपोआप उघडं होतं आणि दोन्हीकडचं मैदान दिसतं, जवळच्या पायाने घेतला की पाठ फिरते आणि फक्त बॉल आला त्या बाजूलाच परत पास जातो. पास जोरात दे, लवकर दे, हल, बोल, हे सगळं त्या दिवशी दिसलं तरी गप्प बसायचं, त्याला दुसरा दिवस आहे. मग शेवटची वीस-पंचवीस मिनिटं पाच-पाचच्या दोन मॅच लावा, साधारण ३० बाय २० मीटर, दोन चपलांचा गोल, आणि तिथं तीच गोष्ट होते का बघा. होत नसेल तर खेळ थांबवून, सगळ्यांना आहे तिथं उभं करून, त्या पोरीला विचारा, तुला अजून कुठं देता आला असता? आणि थांबा. आपल्या पोरींना हो मॅडम म्हणायची सवय असते, उत्तर यायला वेळ लागतो, तो वेळ द्या. ती बोट दाखवेल तिकडं खरंच एक मोकळी पोरगी उभी असेल. असं थांबवणं एका मॅचमध्ये दोन-तीनदाच, नाहीतर खेळायची मजा जाते आणि मजा गेली की दुसऱ्या दिवशी पोरगी येत नाही.

लाइनवरनं सतत ओरडू नका. पास दे, मार, मागं ये असं प्रत्येक टचला सांगितलं तर पोरगी बॉलकडं नाही तर तुमच्याकडं बघत खेळायला लागते.

बॉलचा साइज पण बघा, १२ वर्षांपर्यंत ४ नंबर, पुढं ५ नंबर, अगदी बारक्यांना ३. आणि नवीन पोरी शोधायच्या तर खो-खो आणि कबड्डीच्या टीममध्ये जाऊन बघा. आपल्या दोन्ही जिल्ह्यांत हे खेळ घराघरात आहेत. खो-खोची पोरगी पळता पळता दिशा अशी बदलते की विंगला, म्हणजे मैदानाच्या कडेनं पुढं पळायला, लावली तर समोरच्या बॅकला सापडत नाही, आणि कबड्डीच्या पोरीला अंगाला अंग लागायची भीती नसते, तिला डिफेन्सला घ्या. त्यांच्या सरांशी आधी बोलून घ्या मात्र, पोरगी पळवली असं कुणाला वाटता कामा नये.

ग्राउंड आणि पाऊस याचं पण गणित आहे. साताऱ्यात पावसाळ्यात महिनोन्महिने ग्राउंड चिखलात असतं, सांगलीकडं काळी माती बुटाला चिकटून पाय उचलत नाही, आणि उन्हाळ्यात तीच माती दगडासारखी. मुरमाच्या ग्राउंडवर स्लायडिंग टॅकल शिकवूच नका, गुडघे सोलून निघतात आणि आई दुसऱ्या दिवशी पाठवत नाही. पावसात शाळेचा हॉल किंवा पत्र्याचं शेड मिळवा, भिंतीवर पास मारणं आणि वॉर्मअपचे व्यायाम तिथं होतात. सकाळी ग्राउंडवर चालायला येणारे, क्रिकेटवाले, भरतीची तयारी करणाऱ्या पोरी सगळेच असतात, तुमचा कोपरा आणि वेळ ठरवून घ्या आणि रोज तीच ठेवा. वेळ ठरवताना एसटीचं टाइमटेबल समोर ठेवा, खेड्यावरनं येणाऱ्या पोरीची शेवटची गाडी चुकली तर तिचा खेळ त्या दिवशीच संपला समजा.

गुडघा आणि रक्त

हे दोन विषय मुलींच्या कोचला आलेच पाहिजेत. गुडघ्यातलं एसीएल लिगामेंट, म्हणजे गुडघा जागेवर धरून ठेवणारा आतला पट्टा, तुटायचं प्रमाण मुलींमध्ये मुलांपेक्षा दुप्पट-तिप्पट असतं, आणि बऱ्याच वेळा कुणी लाथ मारलेली नसतेच, उडी मारून खाली येताना किंवा एकदम वळताना गुडघा आत वळतो आणि जातो. ऑपरेशन, मग जवळपास वर्षभर बाहेर, आणि आपल्याकडं बहुतेक वेळा कायमचं बाहेर. यासाठी फिफा इलेव्हन प्लस नावाचा वॉर्मअप आहे, फुकट आहे, व्हिडिओ सगळीकडं मिळतात, साधारण २० मिनिटं लागतात, त्यात हळू पळणं, मग ताकद आणि बॅलन्सचे व्यायाम, उड्या, आणि शेवटी जोरात पळणं असतं. नियमित केलं तर दुखापती चांगल्याच कमी होतात हे अभ्यासातनं दिसलंय. उडी मारून उतरताना गुडघे पायाच्या बोटांच्या रेषेत राहतात का, आत पडतात का, हे प्रत्येकीचं बघा. हा वॉर्मअप आठवड्यातनं दोन-तीनदा तरी झालाच पाहिजे, मॅच जवळ आलीय म्हणून कापायचा नाही.

रक्ताचं म्हणजे, देशातल्या १५ ते ४९ वयाच्या बायकांपैकी ५७ टक्के जणींना ॲनिमिया आहे असं २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात आलंय. म्हणजे तुमच्या टीममधली जी पोरगी दुसऱ्या हाफला धापा टाकते, जिला सगळे आळशी म्हणतात, तिचं हिमोग्लोबिन आधी तपासा. प्राथमिक आरोग्य केंद्रात तपासणी होते, शाळेत आठवड्याला लोहाची गोळी मिळते, ती पोरी टाकून देतात, ती खायला लावा. शेंगदाणे-गूळ, पालेभाजी, राजगिरा, घरात चालत असेल तर अंडी-मटण, आणि जेवणावर लिंबू, आणि जेवताना चहा नाही. पाळीबद्दल मोकळं बोला, किटबॅगमध्ये पॅड कायम ठेवा आणि ते तिथं आहेत हे सगळ्यांना माहीत असू द्या, शॉर्ट्स गडद रंगाच्या घ्या, कुणाला आत लेगिंग घालून खेळायचं असेल तर खेळू द्या. बाई कोच असल्याचा खरा उपयोग पोरींना इथंच कळतो.

घरच्यांशी बोलणं

निम्मं कोचिंग हे आहे. आठवीतल्या पोरीच्या आईला भेटायला तुम्ही स्वतः घरी जा, फोनवर होत नाही. प्रॅक्टिस किती वाजता संपते, घरी कोण सोडतं, मॅचला बाहेरगावी गेलं तर बरोबर बाई कोण, हे तीन प्रश्न त्यांच्या मनात असतातच, त्यांनी विचारायच्या आधी सांगा. सांगलीच्या घरात स्मृती मानधनाचं नाव घ्या, साताऱ्याच्या घरात आदिती स्वामीचं, जी २०२३ ला १७ व्या वर्षी तिरंदाजीत वर्ल्ड चॅम्पियन झाली, किंवा माणच्या मोहीच्या ललिता बाबरचं, रिओ ऑलिम्पिकच्या स्टीपलचेसची फायनल पळाली आणि पुढं सरकारी अधिकारी झाली. खेळ वेगळे असले तरी घरच्यांना ही नावं ओळखीची आहेत. पण तुमची पोरगी पण तशीच होईल असं वचन कधीच देऊ नका. दहावीच्या वर्षी पूर्ण बंद करण्यापेक्षा आठवड्याला दोन दिवस येऊ द्या असं मागा, बहुतेक जण तयार होतात, आणि दोन दिवस येणारी पोरगी परीक्षेनंतर परत येते, बंद केलेली येत नाही.

सुरक्षेचे नियम पहिल्या दिवसापासून लेखी ठेवा. मेसेज फक्त पालक असलेल्या ग्रुपवर, एकट्या पोरीला एकटा मोठा माणूस गाडीवरनं सोडणार नाही, बाहेरगावी बरोबर बाई मॅनेजर असल्याशिवाय टीम हलणार नाही, पोरींचे फोटो पालकांना विचारल्याशिवाय टाकायचे नाहीत. हे तुम्हाला पण लागू आणि ग्राउंडवर येणाऱ्या प्रत्येक सरांना पण. पोरीवर लैंगिक अत्याचार झाल्याचं कानावर आलं तर आपसात मिटवायला बसू नका, २०१२ च्या पॉक्सो कायद्यानं, म्हणजे लहान मुलांना लैंगिक अत्याचारापासून वाचवणाऱ्या कायद्यानं, ते पोलिसांना कळवणं बंधनकारक आहे.

पोटापाण्याचं

नुसत्या कोचिंगवर आपल्या भागात घर चालवणं सुरुवातीला अवघड आहे, हे माहीत असूनच उतरा. पण मार्ग आहेत. डिग्रीनंतर दोन वर्षांचं बी.पी.एड., म्हणजे शारीरिक शिक्षणाची पदवी, केलं की शाळेत क्रीडाशिक्षक व्हायला पात्र होता, आणि बी.पी.एड. अधिक डी लायसन्स असलेली बाई शाळांना हवी असते. पतियाळाच्या एनआयएस, म्हणजे राष्ट्रीय क्रीडा संस्थेचा, कोचिंग डिप्लोमा सरकारी कोचच्या जागांसाठी मोलाचा आहे. शाळांमध्ये पार्ट-टाइम, उन्हाळी शिबिरं, आणि रेफरीची परीक्षा देऊन मॅचचं मानधन, असं जोडून जोडून होतं. आणि तुमची खेळाडू म्हणूनची सर्टिफिकेट फाइलला नीट लावा, सरकारी नोकरीत खेळाडूंना ५ टक्के आरक्षण आहे, त्यासाठी ती सर्टिफिकेट विभागीय क्रीडा उपसंचालकांच्या ऑफिसमधनं पडताळून घ्यावी लागतात, कोणत्या लेव्हलच्या स्पर्धेला चालतं ते नियम आधी वाचा. पगाराची नोकरी आणि संध्याकाळी ग्राउंड, असं करणाऱ्या बाया आहेत, ते कमी दर्जाचं कोचिंग नाही.

फुकट शिकवत असाल तरी वेळ ठरवून घ्या आणि शाळेकडनं लेखी पत्र घ्या, पुढं सी लायसन्सला अनुभव दाखवताना तेच कागद लागतात. हजेरीचं रजिस्टर ठेवा, त्यात नाव, जन्मतारीख, रक्तगट, आईचा आणि वडिलांचा दोन्ही नंबर.

सुरुवात करायला सगळ्यात चांगली वेळ म्हणजे जून. शाळा उघडल्या की मुख्याध्यापकांना भेटून १७ वर्षांखालच्या मुलींची टीम करते म्हणून सांगा, सुब्रतो कप या देशपातळीवरच्या शालेय फुटबॉल स्पर्धेत २०१२ पासून मुलींचा गट आहे आणि त्याच्या तालुका-जिल्ह्याच्या मॅच पावसाळ्यातच सुरू होतात. जिल्हा क्रीडा अधिकारी कार्यालयात जाऊन स्पर्धेचं वेळापत्रक, ऑनलाइन एंट्रीची शेवटची तारीख आणि वयाच्या दाखल्याचे नियम लिहून आणा. पहिल्या वर्षी टीम हरणारच आहे, पाच-सहा गोलनी पण हरेल. मॅच झाल्यावर त्याच दिवशी भाषण देऊ नका, पाणी, केळी आणि घरी. दुसऱ्या दिवशी प्रॅक्टिसला आल्यावर वही काढा आणि कुठं कुठं बॉल गेला ते पोरींनाच सांगू द्या.